राखेनं घासलेली बाटली

परवा सकाळी खिडकी उघडली आणि राब भाजल्याचा वास घरात आला. आमच्या महाडच्या आसपास आता शेती उरली आहे ती थोडीच. भाताचे तुकडे विकून लोकांनी चाळी आणि गाळे बांधले. तरी पलीकडच्या उतारावर कुणीतरी अजून शेणी, पालापाचोळा, वाळकं गवत खाचरात पसरून पेटवतं. पावसाआधी रोपांची जागा अशी भाजून काढायची, ही आमच्याकडची जुनी रीत. त्या धुराला एक गोडसर करपट वास असतो. माझ्या बरोबरीच्या बायकांना त्या वासानं माहेर आठवतं, कैऱ्या आठवतात, करवंदं आठवतात. मला एक बाटली आठवते. मी खिडकी लावून घेतली, आणि मग उकडायला लागलं म्हणून पुन्हा उघडली.

दुपारी सुरेशचा फोन आला. सुरेश माझा आतेभाऊ. जन्मभर मुंबईला गोदीत राबला आणि आता म्हातारपणी वाडीत परत येऊन कोंबड्या पाळतो. फोनवर बोलायचं म्हणजे पलीकडच्या डोंगरावर ऐकू गेलं पाहिजे, असा त्याचा समज आहे.

"सुजा, यंदा बुद्धपौर्णिमेला वाडीत तुझा सत्कार ठेवलाय. शाल, नारळ, सगळा. नाय म्हणू नको गो!"

"कशाबद्दल सत्कार?"

"कशाबद्दल काय? तू विहिरीचं पाणी तपासलंस म्हणून वाडी वाचली. नव्या पोरांना ठाव तरी होऊ दे. आई मरेपर्यंत तेच सांगायची, आमच्या सुजीनं सांगितलं म्हणून."

मी काहीच बोलले नाही. त्यानं ते 'हो' धरलं आणि फोन ठेवला. माझ्या गप्प बसण्याचा लोकांनी चांगला अर्थ लावायचा, हे माझ्या आयुष्यात फार जुनं आहे.

तेव्हा मी तेविसाची होते. ऐंशीचं दशक अर्धं उलटलं होतं, महाडची औद्योगिक वसाहत नवीकोरी होती. कालपरवापर्यंत जिथे गुरं चरायची तिथे पत्र्याच्या शेड, चिमण्या आणि गेटवर खाकी वॉचमन. माझे वडील प्राथमिक शाळेत शिक्षक. मुलीला केमिस्ट्री घेऊन बीएस्सी करायला लावणारा आमच्या बौद्धवाडीतला पहिला बाप. एका रसायनांच्या कारखान्याच्या प्रयोगशाळेत मला नोकरी लागली तेव्हा अण्णांनी मला स्वतःचं शाईचं पेन दिलं आणि म्हणाले, "यानं खोटं लिहू नको." अण्णांना असली वाक्यं बोलायची सवय होती, शाळामास्तरच ते. मी हसून पेन घेतलं.

कारखान्याचं नाव इथे लिहीत नाही. नाव लिहिलं की सगळा दोष पाटीवर जाऊन बसतो, आणि मला तो तिथे बसू द्यायचा नाही.

प्रयोगशाळेत मी एकटीच बाई. पांढरा कोट, केसांवर रुमाल, समोर काचेच्या नळ्या. तेव्हा आम्ही पिपेट, म्हणजे मोजून द्रव उचलायची बारीक काचेची नळी, तोंडानंच ओढत असू. आज कुणी करणार नाही तसलं. अंदाज चुकला की आम्ल थेट जिभेवर. ज्या तोंडानं दिवसभर पिपेट ओढायची, त्याच तोंडानं रविवारी गायचं. कारण माझा दुसरा धंदा गाण्याचा होता, आणि गाणं म्हणजे पाळणा किंवा भावगीत नव्हे.

याला जबाबदार सुरेश. गोदीत त्याला बोटीवरच्या एका खलाशानं एक कॅसेट दिली होती. उन्हाळ्याच्या रजेत तो ती घेऊन आला, टेपरेकॉर्डर आमच्या ओट्यावर ठेवला आणि म्हणाला, "ऐक. ही पोरं सुरात गात नायत, भांडतात." खरंच भांडत होती. विलायतेतली बेकार पोरं, हातात गिटार, ढोल बडवतायत आणि वर कुणीतरी घसा फाडून ओरडतंय. शब्द एक कळेना, राग मात्र अख्खा कळला. "याला पंक म्हणतात," सुरेश म्हणाला, जणू त्यानंच काढलं होतं. अण्णा आतून बाहेर आले, दोन मिनिटं ऐकलं आणि विचारलं, "ह्यांना काय हवंय?" मला मात्र तसं गावंसं फार वाटलं.

आमच्याकडे गायन पार्ट्या पुष्कळ होत्या. जयंतीपासून बुद्धपौर्णिमेपर्यंत वाड्यावाड्यांतून कार्यक्रम चालायचे, तोच आमचा हंगाम. पण पेटी, तबला, संथ चाली, मधूनमधून शेर. आम्ही पेटी काढून टाकली. सुरेशनं जुनी गिटार आणली होती, तिच्यावर त्याला तीनच जागा पकडता यायच्या, म्हणून आमच्या सगळ्या गाण्यांना तीनच जागा. ढोलकीला गौतम, तालुक्याच्या कचेरीतला शिपाई, जो खाली मान घालून फायली नेई आणि ढोलकीवर बसला की कुणाला जुमानत नसे. आणि गायला मी. पोलादपूरच्या वरच्या एका वाडीत, आंबेनळी घाटाच्या पायथ्याशी, आमचा पहिला कार्यक्रम झाला. वाडीत वीज नव्हती म्हणून उन्हं कलली की लगेच उभं राहायचं. पहिलं गाणं संपल्यावर पुढे बसलेल्या एका म्हाताऱ्यानं मोठ्यानं विचारलं, "ह्या गाना हाय का भांडान? नुसता खडखडाट लावलाय!" सुरेशला ते इतकं आवडलं की दुसऱ्या दिवसापासून आमचं नाव 'खडखडाट गायन पार्टी' झालं.

प्रयोगशाळेतल्या वाफांनी माझा आवाज त्या वर्षभरात चिरका झाला होता. ज्येष्ठमध चघळून, कोमट मिठाच्या गुळण्या करून काही उपयोग नाही. सुरेश म्हणाला, "बिघडला तेच बरं झालं. आता शोभतो." मी त्याला पायातली चप्पल दाखवली, पण तो बरोबर होता. गुळगुळीत आवाजात ते गाणं म्हणताच आलं नसतं.

ते गाणं मीच लिहिलं होतं. लिहिलं म्हणजे काय, प्रश्न विचारले होते. मी ओरडायची, "पाणी कुणाच्या बापाचं?" आणि वाडी ओरडायची, "कुणाच्याच नाय!" मी, "नदी कुणाच्या मालकीची?" वाडी, "कुणाच्याच नाय!" ढोलकी अशी धावायची की श्वास घ्यायला फट मिळत नसे. पोरंसोरं उठून नाचायची, म्हातारी माणसं आधी कपाळाला आठ्या घालायची आणि तिसऱ्या प्रश्नाला तीही हात वर करायची. आमच्या लोकांना पाण्याबद्दल काही समजावून सांगावं लागत नाही. या गावातल्या तळ्याच्या पायऱ्या आमच्या आजोबांच्या पिढीनं उतरल्या, ओंजळ भरली आणि त्यापायी मार खाल्ला. म्हणून गायन पार्टी वाडीत आली की हारांच्या आधी पाण्याचा तांब्या पुढे येई. पार्टीतल्या प्रत्येकानं वाडीचं पाणी दोन घोट तरी पिऊनच उभं राहायचं, अशी आमची रीत होती. कुणी शिकवलेली नव्हती, सगळ्यांना माहीत होती.

लोक मला विचारत, हे दोन्ही कसं जमवतेस? सोमवारी कोट, रविवारी ढोलकी? मी मोठ्या ऐटीत सांगायची, "दोन्ही वेगळं ठेवते. गाण्यात जोर लागतो, लॅबमध्ये अचूकपणा. एकाची भेसळ दुसऱ्यात करायची नाही." काय ती अक्कल! आज त्या मुलीच्या कानाखाली द्यावीशी वाटते. पण ती मुलगी वाईट नव्हती, हेही मला माहीत आहे, आणि त्यामुळेच तिला सोडून देता येत नाही.

भागीआत्या ही अण्णांची बहीण, सुरेशची आई. तिची वाडी वसाहतीच्या खालच्या अंगाला, नदीकडे जाणाऱ्या ओढ्याच्या काठी. आत्या काळीसावळी, हाडापेरानं मोठी, दोन हंडे डोक्यावर आणि कळशी कमरेला घेऊन वर गप्पा मारत चालणारी. माझ्या गाण्याचं तिला काही कळत नसे, पण मी ओरडायला लागले की पहिल्या रांगेत बसून ती सगळ्यांत मोठ्यानं उत्तर द्यायची. मी कारखान्यात काय करते हेही तिला नीट माहीत नव्हतं. ती लोकांना सांगायची, "आमची सुजी पाण्याची परीक्षा घेती."

त्या वर्षी जयंतीचा कार्यक्रम आटोपून आम्ही सामान आवरत होतो, तेव्हा आत्या बाटली घेऊन आली. कोकम सरबताची जुनी बाटली, तोंडाला कापडाचा बोळा.

"सुजे, ह्यात काय हाय बघ गो. विहिरीचा हाय. गेला महिनाभर पाण्याला वास येतो. शेरडांनी तोंड फिरवलानी. ओढ्यात मासा दिसत नाय. बायकांच्या हातांना खाज सुटलीय."

मी बोळा काढला आणि वास घेतला. बूटपॉलिशसारखा वास. अगदी पुसट, पण मला तो कुठेही ओळखता आला असता. रोज सकाळी दोन नंबरच्या प्लँटवरून चालत गेलं की माझ्या कोटाला तोच वास लागायचा, आणि घरी आले की आई म्हणायची, आधी आंघोळ कर. म्हणजे कुठल्याही नळीत काही घालण्याआधीच मला उत्तर मिळालं होतं. हे मी पहिल्यांदाच लिहिते आहे.

सोमवारी मी ते पाणी तपासलं. आम्लाचं प्रमाण भलतंच होतं. कागद हातात घेऊन मी आमच्या मुख्य केमिस्टांकडे गेले. सगळे त्यांना नुसतं साहेब म्हणत. साहेब वाईट माणूस नव्हते. मला बाई म्हणून किंवा जात काढून ते कधी वावगा शब्द बोलले नाहीत, उलट काम मनापासून शिकवलं. त्यांनी कागद पाहिला, बाटली उजेडात धरली, हुंगली. त्यांनाही वास आला, हे त्यांच्या चेहऱ्यावर मला दिसलं.

"सुजाताबाई, ही बाटली कसली?"

"कोकमाची, साहेब."

"मग कोकमाच्या बाटलीत आंबट पाणी निघणार नाही तर काय निघणार? नमुना कुणी घेतला? कधी? बाटली धुतली होती का? तुम्ही शास्त्र शिकलेल्या आहात. याला रिपोर्ट म्हणतात का?"

त्यांनी बाटली माझ्यासमोर ठेवली आणि आवाज खाली आणला. "जयंतीला चौकात तुमचं गाणं ऐकलं मी. जोरदार गाता. पण तो जोर तिकडे. इथे अचूकपणा हवा." मग चष्मा पुसत, अगदी सहज, "जूनमध्ये तुमचं कायम करण्याचं पत्र निघायचंय, लक्षात आहे ना?"

माझंच वाक्य त्यांनी मला परत दिलं होतं. चिडायलाही जागा नव्हती. वर ते जे बोलले त्यात चूक एकही नव्हती. कोकमाच्या बाटलीतला नमुना खरंच ग्राह्य नसतो, पहिल्या वर्षाच्या मुलांनाही हे शिकवतात. खरं बोलूनही माणसाला लपता येतं, हे मी त्या दिवशी शिकले आणि त्याच आठवड्यात वापरलंही. आत्या बाजाराला आली तेव्हा तिला सांगितलं, "आत्या, बाटली स्वच्छ नव्हती. त्यामुळे नक्की काही सांगता येत नाही."

आत्या इतकी ओशाळली की मला तिच्याकडे बघवेना. "माझीच चूक गो. तुला नोकरीत कुणी बोललं तर नाय ना?"

आता एक गोष्ट सांगते. आमच्या प्रयोगशाळेत भिंतीला लागून फळी होती. तिच्यावर नमुन्यांच्या काचेच्या बाटल्या, स्वच्छ धुतलेल्या, काचेच्या बुचांच्या, ओळीनं मांडलेल्या असत. त्यातली एक पिशवीत घालून आत्याला दिली असती तर प्रश्नच मिटला असता. आत्याला त्या बाटल्यांची कल्पना नव्हती, मी तर रोज त्या फळीवरची धूळ पुसत होते. एक बाटली. गेटवर कुणी पिशवीसुद्धा तपासत नसे.

आठ दिवसांनी वॉचमननं निरोप आणला, बाहेर तुमच्या घरचं माणूस आलंय. भर दुपार. आत्या गेटसमोरच्या करंजाच्या सावलीत बसली होती. उन्हातून चालत आली होती आणि तिच्या लुगड्याला राबाच्या धुराचा वास येत होता. मांडीवर कापडाची पिशवी, पिशवीत तीच बाटली.

"चुलीतल्या राखेनं घासली, बघ. दोनदा घासली. कोकमाचा वाससुद्धा राहिला नाय."

बाटली लख्ख झाली होती, लेबलाचा डिंकसुद्धा नखानं खरवडून काढलेला. मी ती आत नेली. टेबलावर ठेवून थोडी थांबले, पाणी स्थिर होऊ दिलं. आणि तळाशी मला राख दिसली. बोटाच्या पेराएवढ्या जागेत, करडी, बारीक. वैशाखात त्या विहिरीनं तळ गाठलेला असायचा. आत्यानं पाणी वाचवायला बाटली एकदाच विसळली असणार.

राख आम्ल मारते. हे सांगायला केमिस्ट लागत नाही, पण मी केमिस्ट होते. आंबट पाण्यात राख पडली की ते पाणी साधं दिसतं. मला ती राख दिसली, ती काय करते हे ठाऊक होतं आणि बोळा काढल्यावर राखेच्या वासाखालून बूटपॉलिशही आलं होतं. तरी मी पाणी ओतून त्यात यंत्राची कांडी बुडवली. काटा हलला आणि सातावर थांबला. सात म्हणजे ना आंबट ना खारं. पुस्तकातलं पाणी. मला हायसं वाटलं. गुन्हा कबूल करायचाच तर तो हा. मला हायसं वाटलं. अण्णांच्या पेनानं मी वहीत सात लिहिलं आणि बाहेर गेले.

"पाणी बरं आहे, आत्या."

"पिऊ ना मग?"

"पी."

एवढंच बोलले मी. तिनं मला कडोसरीची दोन करवंदं दिली आणि भराभरा निघाली, वाडीत सगळ्यांना सांगायला.

त्यानंतरच्या दोन आठवड्यांतलं मला फारसं आठवत नाही, आठवतं ते इतकंच की मी कामात कधी नव्हे इतकी चोख होते. दशांश चिन्हानंतरचे आकडे तपासून तपासून लिहायची. साहेबांनी सगळ्यांसमोर कौतुक केलं. रविवारी पोलादपूरकडच्या दोन कार्यक्रमांत घसा फाटेस्तोवर गायले, लोकांनी खांद्यावर घ्यायचं बाकी ठेवलं. दोन्हीकडे इतकं छान जमत होतं की मला वाटलं, होईल, निभावेल. पाऊस येईल, विहीर भरेल, वास जाईल.

बुद्धपौर्णिमेला आत्याच्या वाडीत कार्यक्रम होता. तो टाळता येणार नव्हता, सुरेशची स्वतःची वाडी. आम्ही चार वाजता पोचलो. आंब्याच्या डहाळ्यांचं तोरण, शेणानं सारवलेलं अंगण, पोरांच्या अंगात पांढरे कपडे. आणि रीतीप्रमाणे आत्या पितळी तांब्या घेऊन पुढे आली. तिच्या हातांच्या बोटांच्या बेचक्यांत लाल चट्टे पडले होते. गौतमनं तांब्या घेतला, प्यायला. सुरेश प्यायला, थोडं तोंड वाकडं केलं आणि हसला. मग तांब्या माझ्या हातात आला.

सगळी वाडी बघत होती. संशयानं नाही, कौतुकानं. हिनंच आपल्या पाण्याची परीक्षा घेतली ना! मी तांब्या ओठांपर्यंत नेला. आणि तो वास आला. माझ्या हातांनी ऐकलंच नाही. मी तांब्या खाली आणला आणि म्हणाले, "आत्या, घसा बसलाय. गाण्याआधी गार पाणी नको."

कुणाला काही वाटलं नाही. गाणाऱ्या बाईची शंभर पथ्यं. आत्यानं मात्र माझ्याकडे पाहिलं, मग तांब्यात पाहिलं. "ऱ्हाव दे," म्हणाली. "गळा जपायला पायजे." आणि तांब्या घेऊन बाजूला झाली.

मी गायले. "पाणी कुणाच्या बापाचं?" वाडी गरजली, "कुणाच्याच नाय!" ढोलकी धावत होती, सुरेशची तीन जागांची गिटार खणखणत होती, पोरं उड्या मारत होती. पहिल्या रांगेत आत्या तांब्या पोटाशी धरून उभी होती. आयुष्यात पहिल्यांदा तिनं उत्तर दिलं नाही. मी पुढचा प्रश्न विचारला आणि माझा आवाज मध्येच तुटला. लोकांना वाटलं, खरंच घसा बसलाय बिचारीचा. टाळ्या पडल्या.

त्यानंतर मी कधीही गायले नाही. सुरेश चिडला, विनवण्या केल्या, शेवटी रजा संपवून गोदीत निघून गेला. गौतम जुन्या पार्टीत परतला. लोकांना सांगायला कारण तयारच होतं, वाफांनी आवाज गेला. जूनमध्ये माझं कायम झाल्याचं पत्र आलं.

आणि आत्यानं काय केलं? तिनं दुसऱ्या दिवसापासून ती विहीर सोडली. वाडीच्या मागे चढणीवर एक झरा होता, उन्हाळ्यात करंगळीएवढी धार. करवंटीनं भरभरून एक हंडा व्हायला अर्धा तास. आत्या पहाटे उठून तिथे जाऊ लागली. बायकांनी विचारलं तेव्हा म्हणाली, "विहिरीचा पाणी वाईट हाय. आमच्या सुजीनं सांगितलं." मग एकेक करून सगळ्याच जाऊ लागल्या. नळ यायला पुढे कैक वर्षं गेली. तोवर त्या बायकांनी ती चढण किती वेळा चढली असेल, त्याचा हिशेब करायला बसले की मी मध्येच उठते.

आत्याला पुढे पोटाचा त्रास झाला आणि ती सुकत गेली. पाण्यानंच झालं, असं मी म्हणू शकत नाही. पुरावा नाही. तिच्याइतकेच आणि तिच्याहून जास्त दिवस ते पाणी दुसऱ्याही बायका प्यायल्या, त्यातल्या काही अजून ठणठणीत आहेत. ज्या एका माणसाला तेव्हा पुरावा गोळा करता आला असता, ती मी होते. प्रयोगशाळेची प्रमुख होऊन मी निवृत्त झाले आणि माझ्या हाताखालच्या पोरांना नमुना कसा घ्यावा हे अतिशय उत्तम शिकवलं. बाहेरच्या कुणी पाणी आणलं तर आधी फळीवरची बाटली द्यायची, हा नियम मी केला. का केला, ते कुणी विचारलं नाही.

आत्या अंथरुणाला खिळली होती तेव्हा एकदा धीर करून गेले. ओसरीवर खाट, पलीकडच्या खाचरात कुणाचा तरी राब धुमसत होता. बराच वेळ इकडचं तिकडचं बोलले आणि मग विचारलं, "आत्या, मी तर पाणी बरं आहे म्हटलं होतं. तू वाडीला उलटं का सांगितलंस?"

"तू प्यायली नायस ना गो," ती म्हणाली. "नोकरीवाल्यांना बोलता येत नाय, मला काय कळत नाय काय?"

माझे डोळे भरून आले. सांगावं, आता तरी सांगावं. मी म्हटलं, "पण आत्या, ते जे मी लिहिलं..."

तिनं माझा हात हातात घेतला. सालपट निघालेले, खरखरीत हात. "तुझी चूक नाय गो त्यात. बाटलीत काय तरी ऱ्हायलं असंल. मी मेलीनं पाणी वाचवाया एकदाच विसळली. तुझं मशीन तरी काय करंल?"

इतकी वर्षं ती ते मनात धरून होती. मला वाटत होतं, ओझं माझ्याकडे आहे. आणि मला फक्त एक वाक्य म्हणायचं होतं, आत्या, मला दिसलं होतं. खाटेवरच्या त्या बाईला एवढं एक वाक्य दिलं असतं तर ती हलकी होऊन गेली असती.

मी म्हटलं, "असेल."

महिन्याभरात ती गेली.

आता पौर्णिमेला शाल येणार, नारळ येणार. सुरेश नक्की माइक हातात देईल आणि म्हणेल, ते गाणं म्हण. गाणं मी म्हणणार नाही. अण्णांचं पेन अजून आहे, शाई भरली की चालतं. आज सकाळपासून राबाचा वास घरात आहे आणि मी खिडकी लावलेली नाही. वाडीत वाचायचा कागद लिहून झाला, एवढासाच आहे, आमच्या वहीत लिहीत असू तसा.

नमुना दुसरा. विहीर, भागीआत्याची वाडी. बाटली घासणारीचा दोष नाही. तळाशी राख होती. तपासणारीला ती दिसली होती.

खाली सही केली. मग सुरेशला फोन लावला आणि सांगितलं, येते, पण आत्याचा तो पितळी तांब्या जपून ठेवला असशील तर तेवढा बाहेर काढ.

"भरून ठेवू?" त्यानं विचारलं.

"वाचून झाल्यावर," मी म्हटलं. "तेव्हाही द्यावासा वाटला तर."